शालनबाईंचा क्लोजअप

थेरगावच्या शालनबाईंची पडद्यावरची कारकीर्द उजव्या हातापासून सुरू झाली. तिथून ती पाठीवर गेली. तिसऱ्या खेपेला चेहऱ्यापर्यंत पोचणार असं ठरलं होतं, आणि ते त्यांनी विठ्ठलमंदिरातल्या भजनी मंडळाला आधीच सांगून टाकलं होतं. पहिली चूक ती.

हात आला तो असा. त्यांचे मालक अर्जुनराव चाकणला गाड्यांचे सुटे भाग करणाऱ्या एका कंपनीत होते. ते निवृत्त व्हायच्या आदल्या वर्षी कंपनीनं कामगारांसाठी सुरक्षेवर एक छोटी फिल्म काढली. शिफ्टला निघालेल्या कामगाराला त्याची बायको दारात डबा देते आणि मग हेल्मेट देते, असा त्यात प्रसंग होता. नटी कुठून आणायची, म्हणून साहेबांनी अर्जुनरावांना विचारलं, "वहिनी करतील का?" वहिनींनी लग्नातली पैठणी नेसली, नाकात नथ घातली आणि आरशासमोर उभं राहून "सांभाळून जा हं" हे वाक्य सतरा तऱ्हांनी म्हणून बघितलं. शूटिंगवाल्यानं साधी साडी नेसायला लावली, नथ उतरवायला लावली, वाक्य काढून टाकलं आणि कॅमेरा हेल्मेटवर लावला. फिल्ममध्ये आला तो एक हात, त्यातल्या सहा हिरव्या बांगड्या आणि पिवळं हेल्मेट. पुढं वर्षभर कँटीनमध्ये ती फिल्म लागली की अर्जुनरावांचे सोबती म्हणायचे, "राव, वहिनींचा हात आला बघा."

शालनबाईंनी त्या दिवशी वहीत लिहिलं: सिनेमात काम केलं. हात चांगला आला म्हणतात.

ही वही त्या लग्न झाल्यापासून लिहायच्या. संध्याकाळी देवापाशी दिवा लावला, हरिपाठ झाला, की चार ओळी. तिथी कोणती, भाजी काय केली, कोण आलं, कोण रुसून गेलं. एकतीस वर्षांच्या वह्या लोखंडी कपाटाच्या तळाशी रचलेल्या होत्या आणि त्यांत दर पंधरवड्याला एक ओळ ठरलेली: एकादशी केली. मोडली, असं एकाही वहीत नव्हतं. मुलाच्या लग्नाची तारीख नेमकी एकादशीची निघाली, तर नवऱ्यामुलाची आई पंगतीत वरीचा भात घेऊन बसली होती. ही गोष्ट त्या स्वतःहून कुणाला सांगत नसत. फक्त विषय तिथपर्यंत नेऊन सोडायच्या.

पाठीचं श्रेय शेजारच्या आळीतल्या मंजुषाचं. ही मुलगी लग्नांचे व्हिडिओ काढून पोट भरायची आणि उरलेल्या दिवसांत स्वतःच्या हिमतीवर डॉक्युमेंटरी करायची. म्हणजे खरी माणसं, खऱ्या गोष्टी, नाच नाही की गाणी नाहीत. पवना नदीवर तिनं एक केली. पूर्वी बायका घाटावर कशा जायच्या हे दाखवायला तिनं शालनबाईंना डोक्यावर धुण्याची बादली देऊन नदीकडं चालायला लावलं. शालनबाईंना वाटलं, कॅमेरा पुढं कुठंतरी लपवलेला असेल. म्हणून त्या संपूर्ण वाट मंद हसत चालल्या. कॅमेरा मागं होता.

मंडळात पेटी वाजवणाऱ्या विजयश्रीताईंनी मोबाईलवर ती फिल्म बघून सांगितलं, "पाठ ओळखली हो आम्ही. ब्लाऊज माहितीतला होता."

त्यामुळं मंजुषा तिसऱ्यांदा आली तेव्हा शालनबाईंनी चहा टाकायच्या आधीच विचारलं, "आता काय, पाय?"

"चेहरा, काकू," मंजुषा म्हणाली. "क्लोजअप. अख्खा पडदा भरून."

चहात साखर दोनदा पडली.

या वेळचा विषय होता चाकणच्या कांदा बाजारात कांदे निवडणाऱ्या बायका. त्यांतल्या एका बाईभोवती मंजुषाची फिल्म फिरत होती. सोजराबाई, वय अठ्ठ्याहत्तर, मुक्काम चाकणजवळची एक वाडी. चाळीस वर्षं त्यांनी बाजारात कांदे निवडले होते. आता गुडघे गेले होते, खाली बसता येत नव्हतं. आवाज मात्र खणखणीत. तेव्हा पडद्यावर आवाज सोजराबाईंचा आणि त्यावर चालणारं काम शालनबाईंनी करून दाखवायचं, असा बेत. एका जागी सोजराबाई सांगत होत्या, दुपारच्याला आमी बाया पोत्यांच्या आडोशाला बसायचो, बुक्कीनं कांदा फोडायचो आन् भाकरीसंगं खायचो. क्लोजअप तिथं होता. कांदा-भाकर खाणारा चेहरा.

शालनबाई मंडळात इतकंच म्हणाल्या, "ह्या वेळी तोंडावर आहे कॅमेरा. मी नको म्हणत होते." विजयश्रीताईंनी पेटीचा भाता बंद करून त्यांच्याकडं नीट पाहिलं. शालनबाईंना ते पाहणं फार गोड लागलं.

तयारीही त्यांनी मनापासून केली. आठ दिवस दुपारी बसनं सोजराबाईंच्या वाडीला गेल्या. उकिडवं बसून मोठा कांदा एकीकडं, बारका, ज्याला गोल्टी म्हणतात, तो दुसरीकडं, जोड कांदा मागं, सडका लांब, असं हातानं उडवायला शिकल्या. सोजराबाई खुर्चीत बसून काठीनं खुणा करायच्या.

"आगं, हात बघू नगं. कांदं बघ. हातास्नी कळतंय."

"माझ्या हातास्नी न्हाई कळत अजून."

"मग सिनेमा कसा करतीस?"

चौथ्या दिवशी शालनबाईंची कंबर धरली, सातव्या दिवशी हातांना कळायला लागलं, आणि आठव्या दिवशी त्यांनी डांगे चौकातल्या पार्लरमध्ये जाऊन भुवया कोरून घेतल्या. मंजुषा ते बघून म्हणाली, "काकू, उन्हात कांदे निवडणाऱ्या बाईच्या भुवया आहेत का ह्या? आता काजळानं परत वाढवाव्या लागतील."

पण खरा घोटाळा भुवयांचा नव्हता. मंजुषानं शूटिंगचा कागद दिला होता: वार, वेळ, साडीचा रंग. बाजाराच्या वाराचीच परवानगी मिळाली होती, तीही एका दिवसाची. तो कागद सतत डोळ्यांपुढं असावा म्हणून शालनबाईंनी स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवरच टाचणीनं लावला. माघ महिन्याचा दुसरा आठवडा त्याखाली झाकला गेला. एकतीस वर्षांत ज्या बाईनं कॅलेंडरला हात जोडल्याशिवाय दूध तापवलं नव्हतं, ती रोज सकाळी स्वतःच्या क्लोजअपला हात जोडत होती.

शूटिंगच्या आदल्या संध्याकाळी विजयश्रीताईंचा फोन आला. "अगं, साबुदाणा भिजवलास का? का उद्या तुमच्या सिनेमावाल्यांकडनं फराळ आहे?"

"उद्या कसला फराळ?"

"एकादशी नाही का. तू विचारतेस, शालन?"

शालनबाईंनी फोन ठेवला, टाचणी काढली, कागद वर केला. खाली एकादशी होतीच. कुठं जाणार होती.

आता कुणीही शहाण्या बाईनं मंजुषाला फोन करून सांगितलं असतं, बाई गं, उद्या माझ्या तोंडात धान्य जायचं नाही, कांदा तर नाहीच नाही. शालनबाईंनी फोन हातात घेतलासुद्धा. पण मंजुषा काय म्हणेल तेही त्यांना ऐकू आलं: मग काकू, खायचा सीन दुसऱ्या कुणाकडून करून घेते, तुमचे हात तेवढे घेऊ. परत हात. मंडळात तोंड कोणतं दाखवायचं? ज्या तोंडाचा एवढा गाजावाजा केला तेच नाही म्हटल्यावर?

त्यांनी फोन ठेवला आणि पिशवी घेऊन डांगे चौकात गेल्या.

"रताळी द्या," त्या भाजीवाल्याला म्हणाल्या. "पण गोल बघून द्या."

"गोल?" भाजीवाला म्हणाला. "मावशी, रताळं लांबडंच असतंय."

"असेल एखादं. बघा की खाली."

सबंध पाटी उपसून चार बुटकी, पोट सुटलेली रताळी निघाली. घरी येऊन त्यांनी ती उकडली, सोलून हातानं आणखी गोल केली, आणि कांद्याची वाळकी टरफलं एकेक करून त्यांच्यावर चिकटवायला बसल्या. टरफल म्हणजे काही कांदा नव्हे, शिवाय खाताना काढूनच टाकायचं, असा निवाडा त्यांनी स्वतःच देऊन टाकला. पलीकडं तव्यावर राजगिऱ्याच्या भाकरी झाल्या. दिसायला तांबूस, पण लांबून बाजरीच्या म्हटलं तर खपून जातील अशा.

अर्जुनराव पाणी प्यायला आले आणि दारातच थांबले.

"काय चाललंय? रताळ्याचं बारसं?"

"तुमी जावा बरं बाहेर."

"न्हाई, अंगडं-टोपडं घालतीयेस म्हणून विचारलं." ते जवळ आले, एक उचलून दिव्याकडं धरलं. "कांदा झालाय खरा. पण ह्यो देवाला फसवायला केलाय का मंजुषाला?"

"कुणालाच न्हाई. दोघांचं राखायला केलाय."

अर्जुनरावांनी रताळं अगदी अलगद परत ताटात ठेवलं. त्या अलगद ठेवण्यात जे काही होतं ते शालनबाईंना झोंबलं, पण तोवर चौथ्या रताळ्याला शेंडी बसवायची राहिली होती.

सकाळी बाजार भरात होता. कांद्यांचे ट्रक, टेम्पो, हमालांचे आवाज, बाहेरच्या रस्त्यावर कंपन्यांच्या बसगाड्यांची रांग. मंजुषानं शेडच्या टोकाला पोत्यांचा आडोसा केला होता. कॅमेऱ्यावर विक्की होता, कानांवर हेडफोन, आवाजही तोच बघत होता. सोजराबाईंना प्लॅस्टिकच्या खुर्चीत सावलीला बसवलं होतं, मांडीवर फडक्यात बांधलेली त्यांची शिदोरी.

निवडण्याचं काम छान झालं. हातांना खरंच कळत होतं. दोन जुन्या बायका थांबून बघायला लागल्या आणि त्यांतली एक म्हणाली, "नवी दिसतीया, पर हात बसलाय." शालनबाईंच्या पाठीतून वारं खेळून गेलं. एवढ्यावर शूटिंग संपलं असतं तर त्या पुढची दहा वर्षं सुखात जगल्या असत्या.

मग जेवणाचा प्रसंग आला. त्यांनी स्वतःची पुरचुंडी सोडली. मंजुषानं भाकर-कांदा आणलेला होता, पण शालनबाई म्हणाल्या, "मी माझंच आणलंय, घरच्याची सवय." मंजुषाला तेही खरेपणाचं वाटलं आणि ती खूश झाली. शालनबाईंनी भाकर पुढं ठेवली, त्यावर रताळं ठेवलं आणि बुक्की हाणली.

थप्प, असं काहीतरी झालं.

"काकू, आवाज नाही आला," विक्की म्हणाला. "जरा जोरात."

दुसरं रताळं. थप्प. या खेपेला शालनबाईंची मूठ आत रुतून बसली आणि सोडवावी लागली.

"कांदा जुना आहे का?" मंजुषानं विचारलं.

"मऊ आहे थोडा."

तिसऱ्या वेळी टरफल उडून विक्कीच्या कॅमेऱ्यावर चिकटलं. खुर्चीतून सोजराबाईंचा आवाज आला, "आगं, कांदा फोडतीस का पुरान वाटतीस?" आणि त्या काठी टेकत उठल्या. जवळ येऊन त्यांनी चौथा कांदा उचलला. बघितला नाही, नुसता तळहातावर झेलला. चाळीस वर्षांच्या हाताला एवढं बास होतं.

"रताळं हाय गं ह्ये."

विक्कीनं हेडफोन काढले. मंजुषानं ते हातात घेऊन शेंडी ओढली, तर शेंडी हातात आली.

"काकू?"

शालनबाई तशाच उकिडव्या बसलेल्या. "एकादशी हाय आज," त्या म्हणाल्या. "मला काल कळलं. सांगितलं असतं तर तू माझं तोंड काढलं असतंस."

"अहो, पण ही डॉक्युमेंटरी आहे. खोटं चालत नाही ह्यात. एवढं एकच तर असतं आमच्याकडं."

शालनबाईंना काय झालं कोण जाणे, कदाचित कंबरेनं, कदाचित उपाशी पोटानं, पण त्या बोलून गेल्या, "खोटं चालत न्हाई तर मी इथं काय करतीया? मी कुठं हाय सोजराबाई? रताळ्याला कांद्याचं साल लावलंय तसंच तू मला त्यांचं लुगडं लावलंय."

मंजुषानं हातातली शेंडी खाली टाकली. आणि हसायला लागल्या त्या सोजराबाई. हसता हसता त्यांना खोकला आला, विक्कीनं पाणी दिलं, आणि मग खुर्चीत बसून त्या म्हणाल्या, "एकादशीच्या दिशी मी काय करायची, त्ये कुनी इचारलंच न्हाई मला."

"काय करायचात?" मंजुषा म्हणाली. विक्कीनं हेडफोन परत चढवले.

"खायची. घरात सासू माळकरी. सगळ्या गावाला म्हाईत, सोजरा एकादशी चुकवत न्हाई. सकाळी डबा न घेता निगायची, सासूच्या देखत. आन् हितं येऊन संगतीच्या बायांची अर्धी भाकर घ्यायची, कांदा फोडायचा, खायची. दिसभर पोती वढायची आन् वाकून बसायचं, रिकाम्या पोटी डोळ्यापुढं काजवं चमकायचं. पयल्या खेपंला पडले हुते हितंच. तवापास्नं खायला लागले. सांजच्याला बडीशेप चगळायची, सासूला वास नगं म्हनून. चाळीस वर्सं झाली. घरच्यास्नी अजून ठावं न्हाई."

आडोशाबाहेर बाजाराचा गलका चालूच होता.

"आज्जी, हे फिल्ममध्ये घेऊ का?" मंजुषानं हळू विचारलं. "घरचे बघतील."

"घे की. सासू जाऊन ईस वर्सं झाली. सुनंला कळू दे. ती बी करती एकादशी आन् कंपनीत बारा तास हुबी ऱ्हाती."

"आणि पांडुरंग?" हे शालनबाई बोलल्या. त्यांना खरंच विचारायचं होतं.

सोजराबाईंनी काठीच्या टोकानं घरंगळत आलेल्या एका कांद्याची वाट फिरवली. "त्यानं एकदाबी इचारलं न्हाई बाई. इचारलं असतं तर सांगितलं असतं."

शालनबाईंना आपल्या एकतीस वह्या आठवल्या. त्यांतली प्रत्येक एकादशी घरात झाली होती, गॅसपाशी, शेंगदाण्याच्या आमटीला तुपाची फोडणी देऊन, आणि दुपारी तासभर आडवं पडून. त्या लग्नातल्या वरीच्या भातावरही लोणकढं तूप होतं.

मंजुषा म्हणाली, "काकू, आता तुम्ही सांगा. खायचं नसेल तर नका खाऊ. आपण हा प्रसंग सोडून देऊ."

"कशा बसायचात तुमी?" शालनबाईंनी सोजराबाईंना विचारलं.

"गल्लीकडं पाठ करून. आमच्या वाडीच्या दोन बाया पल्याडच्या वळीत असायच्या, त्यांनी बघाया नगं. पदर ह्यो असा." सोजराबाईंनी आपला पदर डोक्यावरनं ओढला तो थेट हनुवटीखाली. "आन् आतल्या आत खायचं."

हे करून दाखवल्यावर विक्कीनं कॅमेऱ्यामागून साधा प्रश्न केला. "मग क्लोजअप कशाचा घ्यायचा?"

तिघंही शालनबाईंकडं बघायला लागली. शालनबाईंना हिशेब लागायला दोन क्षण गेले आणि मग तो एकदम लागला. कांदा-भाकर खाल्ली तर एकादशी जाणार. पदर ओढला तर चेहरा जाणार. सोजराबाईंसारखं करायचं तर दोन्ही जाणार.

मंजुषाला त्यांचं तोंड वाचता आलं असावं. ती म्हणाली, "पदर जरा मागं ठेवला तरी चालेल, काकू. कपाळ, डोळे दिसू देत. लोकांना कळेल."

तो पदर कुठवर ठेवायचा, एवढाच काय तो निर्णय आता उरला होता. शालनबाईंनी तो डोक्यावर घेतला. कपाळापर्यंत आणला. कोरलेल्या भुवया तिथंच होत्या, काजळ लावून वाढवलेल्या. समोर सोजराबाई बसल्या होत्या आणि त्यांच्याकडं तशाच बघत होत्या जशा आठ दिवस कांद्यांकडं बघत होत्या: मोठा, गोल्टी, जोड की सडका.

शालनबाईंनी पदर हनुवटीखाली ओढला.

"तुमच्यातली भाकर द्या," त्या आतून म्हणाल्या.

सोजराबाईंनी मांडीवरची शिदोरी सोडली. गोळ्या चालू झाल्यापासून डॉक्टरांनी त्यांना उपासच बंद केले होते, त्यामुळं भाकर ज्वारीची होती. विक्कीनं पोत्यातला कांदा काढून दिला. बुक्की बसली तसा कर्र आवाज आला आणि विक्कीनं अंगठा वर केला. पदराआड अंधुक उजेड, कांद्याचा उग्र वास, बाहेर कुणीतरी वजन ओरडतंय. शालनबाईंनी मनात नाव घेतलं आणि घास तोंडात घातला. चावला. गिळला. डोळ्यांतून पाणी यायला लागलं ते कांद्याचं होतं, निदान सुरुवातीला तरी.

कट म्हटल्यावर सोजराबाई म्हणाल्या, "जमलं. पर एवढं सावकाश न्हाई खायची मी. मुकादम हुबा असायचा."

त्या संध्याकाळी वहीत एवढंच आलं: एकादशी. कांदा-भाकर खाल्ली. कांदा तिखट होता.

फिल्म चार महिन्यांनी थेरगावच्या समाजमंदिरात दाखवली, रविवारी संध्याकाळी. भजनी मंडळ पुढच्या दोन रांगांत होतं. सोजराबाईंना सुनेनं धरून आणलं होतं. शालनबाई मध्ये बसल्या होत्या, विजयश्रीताईंच्या शेजारी, मोरपंखी साडीत, आणि आपल्याला काही पडलेलं नाही असा चेहरा करून. तो चेहरा त्या दिवशी पडद्यावर कुणाला बघायला मिळणार नव्हता.

पडदा उजळला. कांद्यांचे ढीग, हात, परत हात. पाठ. मग ती दुपार. सोजराबाईंचा आवाज एकादशीचं सांगायला लागला आणि पडदा भरून आला एक हिरवा पदर. अख्खा पडदा. नऊ सेकंद. पदराच्या आत काहीतरी हलत होतं.

सोजराबाईंच्या सुनेनं सासूकडं वळून बघितलं. सोजराबाईंनी पडद्यावरची नजर काढली नाही. नुसत्या म्हणाल्या, "बघ, मी खातीया." थोड्या वेळानं सुनेनं सासूच्या हातातली काठी घेऊन आपल्या मांडीवर आडवी ठेवली, आणि दोघी पुढचं बघायला लागल्या.

विजयश्रीताई कानाशी आल्या. "तू कुठं आहेस ह्यात?"

"ती काय. पदराआड."

"अगं बाई." मग जरा थांबून, "पण एकादशीचं नुसतं दाखवायचं म्हणून ना? खरं थोडंच खाल्लं असशील."

सुटायला एवढी सरळ वाट समोर आली होती. नुसतं हं म्हटलं असतं तर एकतीस वर्षांचा लौकिक जिथल्या तिथं राहिला असता. शालनबाईंनी तोंड उघडलं, मिटलं.

"खरं खाल्लं," त्या म्हणाल्या. "त्या दिवशी एकादशीच होती. तूच फोन केलेलास."

"कांदा?"

"कांदा."

विजयश्रीताई सरळ होऊन बसल्या. पडद्यावर बाजार उठत होता, बायका पदर झटकत होत्या. पुष्कळ वेळानं त्या परत वाकल्या आणि अगदी हळू आवाजात विचारलं, "कसा लागला?"

"तिखट. पाणी आलं डोळ्यांत."

"ते नाही दिसलं."

"पदर होता ना."

शेवटी नावं यायला लागली. शालनबाईंचं नाव त्यांत होतं, मंजुषानं दोनदा तपासून घेतलं होतं. पण मागच्या रांगेतून कुणीतरी वडापाव आल्याचं सांगितलं, अर्धं समाजमंदिर उभं राहिलं, दिवे लागले, आणि ते नाव समोर उभ्या राहिलेल्या विजयश्रीताईंच्या अंबाड्यावरनं वर सरकत गेलं.

परत येताना अर्जुनराव स्कूटर चालवत होते. डांगे चौकात सिग्नल लागला. त्यांनी आरसा फिरवून मागं बघितलं.

"एक विचारू का? रागवू नको."

"विचारा."

"पदर एवढा खाली होता. आत काय चाललंय ते कुणालाच दिसत नव्हतं."

"न्हाई दिसत."

"मग तू खाल्लं कशाला? नुसता जबडा हलवायचा होतास. एकादशी राहिली असती."

सिग्नल हिरवा झाला. मागच्या टेम्पोवाल्यानं भोंगा वाजवला. शालनबाई घराच्या फाटकाशी स्कूटरवरून उतरल्या, चपला काढल्या, हातपाय धुतले, दिव्यात तेल घातलं. हरिपाठ झाला. मग वही उघडली, तिथी लिहिली, फिल्म दाखवली ते लिहिलं, सोजराबाई आल्या होत्या ते लिहिलं.

शेवटची ओळ अशी होती: ह्यांनी विचारलं ते बरोबर आहे. त्या वेळी माझ्या ध्यानातच आलं नाही.